डोळ्यातील कुसळ



डोळ्याच्या दुखण्यावर बोलायला चळवळीतला माणूस कशाला, असे आपल्यापैकी काहींच्या मनात आले असेल. आम्ही डॉक्टर नव्हे. शाळा सातवीत सुटली. पुढे जे शिकलो ते वाचनालयात आणि दवाखान्याच्या बाकावर. पण तीस वर्षे वर्कशॉपमधल्या आणि ऊसतोडीच्या कामगारांत काढली. त्या काळात एका डोळ्याने अधू झालेली जी माणसे भेटली, त्यांतील कितीतरी बुबुळाच्या दुखण्याने अधू झाली होती.

डोळ्याच्या काळ्या भागावर घड्याळाच्या काचेसारखा एक स्वच्छ पडदा असतो. वैद्यकात त्याला पारपटल म्हणतात. आपण बोलताना बुबुळ म्हणतो, तोच शब्द आम्ही वापरू. मध्यभागी त्याची जाडी जेमतेम अर्धा मिलिमीटर. त्यात रक्तवाहिन्या नाहीत, म्हणून तर तो पारदर्शक. प्राणवायू तो हवेतून, अश्रूंमार्फत घेतो. मज्जातंतू मात्र इतके दाट की धुळीचा कण गेला तरी माणूस कासावीस होतो. वरचा पापुद्रा शाबूत आहे तोवर बहुतेक जंतूंना आत वाट नसते. तो खरवडला की वाट मोकळी झाली.

आणि तो खरवडतो कशाने? भाताच्या लोंबीने, उसाच्या पात्याने, ग्राइंडरवरून उडालेल्या कणाने. दुसऱ्याच्या डोळ्यातले कुसळ दिसते, स्वतःच्या डोळ्यातले मुसळ दिसत नाही, अशी आपली म्हण आहे. म्हणीत कुसळ क्षुल्लक ठरले. प्रत्यक्षात शेतातल्या कुसळाबरोबर बुरशी आत शिरते, आणि बुरशीचा व्रण फार चिवट. शहरातली मुले कॉन्टॅक्ट लेन्स घालून झोपतात किंवा त्या नळाच्या पाण्याने धुतात. त्यांनाही हेच दुखणे होते. ज्या तान्ह्या मुलाला अ जीवनसत्त्व पुरत नाही, त्याचे बुबुळ तर ओरखड्यावाचूनच विरघळू लागते.

डोळे येणे आणि हे दुखणे यांत लोक गल्लत करतात. डोळे आले म्हणजे बहुधा दोन्ही येतात, चिकटतात, चुरचुरतात. पण पुसले की दिसते. बुबुळ सुजले की बहुधा एकच डोळा ठणकतो, पाणी धरवत नाही, उजेड सहन होत नाही आणि नजर अंधुक होते. पुढे काळ्यावर पांढरा ठिपका दिसतो. तो व्रण बरा होऊन मागे राहणारा डाग म्हणजेच आपण ज्याला डोळ्यात फूल पडले म्हणतो ते. नाव मोठे गोड आहे, पण फुलाच्या आड जग दिसत नाही.

व्रणावरचा उपचार कारणावर अवलंबून. म्हणून डॉक्टर व्रण किंचित खरवडून सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात. जिवाणू असतील तर प्रतिजैविकाचे थेंब, सुरुवातीला रात्रंदिवस तासातासाला. बुरशी असेल तर नॅटामायसिन, तेही आठवडेच्या आठवडे. नागिणीच्या जातीचा विषाणू असेल तर ॲसायक्लोव्हिर. एकाचे औषध दुसऱ्याला चालत नाही. दुकानातून 'लालीवरचे थेंब' म्हणून जे आणले जाते, त्यात पुष्कळदा डेक्सामेथासोनसारखे स्टेरॉइड असते. त्याने लाली झटकन उतरते, रोगी दुकानदाराला दुवा देतो, आणि बुरशी किंवा विषाणू आत बिनबोभाट वाढतो. बाटलीवरचे नाव वाचा, एवढे तरी आपण शहरवासीयांनी करावे. जिभेने खडा काढणारी म्हातारी, काडेपेटीच्या काडीने लोखंडी कण काढणारा वर्कशॉपमधला वस्ताद, दोघांचा हेतू चांगला. पण त्यांच्याकडून जंतूही भेट मिळतात.

आता मुद्द्याचे सांगतो. नेपाळात भक्तपूर येथे एक पाहणी झाली, तिचा वृत्तांत २००१ साली प्रसिद्ध झाला. गावातल्याच माणसांना शिकवून तयार केले होते. बुबुळावर ओरखडा आलेल्या ४४२ जणांना त्यांनी क्लोरॅम्फेनिकॉलचे साधे मलम दिवसातून तीनदा, तीन दिवस लावले. १८ तासांच्या आत जे आले, त्यांतल्या एकालाही व्रण झाला नाही. चोवीस तास उलटून गेल्यावर आले ४९, त्यांतल्या १४ जणांना झाला. रोगी तेच, मलम तेच; फरक पडला तो तासांचा.

हे अठरा तास ऊसतोड्याजवळ असतात का? पहाटे तो फडात असतो, गाडी भरेपर्यंत सुटका नाही. नवरा-बायको मिळून एक कोयता. एकाचा डोळा दुखला की दोघांचे काम अडते. उचल घेतलेली, आणि खाडा पडला तर मुकादम पैसे कापतो. म्हणून तो फडके बांधून दुसऱ्या डोळ्याने ऊस तोडतो आणि तालुक्याला पोचतो चौथ्या-पाचव्या दिवशी. त्याला अडाणी म्हणणारे पुष्कळ भेटतात. आमच्या मते त्याचा हिशेब चोख असतो, फक्त हिशेबात डोळ्याची किंमत कोणी धरलेली नसते.

कारखान्यातल्या माणसासाठी १९४८ च्या कारखाने कायद्यात ३५ वे कलम खास डोळ्यांसाठी घातले गेले: उडणारे कण आणि प्रखर उजेड यांपासून चष्मा किंवा आडपडदा. आम्ही एका वर्कशॉपमध्ये पाहिले, चष्मे होते, पण कपाटात कुलपाखाली. तपासनीस यायच्या दिवशी ते बाहेर निघत. तिथले वेल्डर रात्री डोळ्यांवर बटाट्याच्या चकत्या ठेवून कण्हत. ती अतिनील किरणांनी आलेली सूज. बहुधा दोन-तीन दिवसांत उतरते, पण चष्म्याने ती येतच नाही. उसाच्या फडाला मात्र कारखान्याचे ते कलम लागू नव्हते.

म्हणून टोळ्यांच्या वतीने आम्ही दोन गोष्टी मागतो. हंगामात तळावर आरोग्यसेविकेने रोज फेरी मारावी, तिच्या पिशवीत हे मलम असावे आणि व्रण दिसला की तिने रोग्याला त्याच दिवशी मोठ्या दवाखान्यात धाडावे. दुसरी, डोळ्याला दुखापत झालेल्याचा तो दिवस आणि पुढचा दिवस खाडा धरू नये, त्याच्या जोडीदाराचाही. पहिलीला सगळे माना डोलावतात. मलमाला पडतात किती पैसे! बोलणे अडते ते दुसरीवर, आणि येत्या हंगामापूर्वी त्याच कलमासाठी आम्हाला पुन्हा बसायचे आहे.