पुणतांब्याचा पेटीवादक



साखर कामगारांच्या सभांत घसा बसविणारा माणूस संगीतावर काय बोलणार, ही शंका आपल्यापैकी कित्येकांच्या मुद्रेवर आम्हांला स्पष्ट दिसते आहे. रागदारी आम्हांला कळत नाही, हे खरे. परंतु मजुरी कशी ठरते आणि केलेल्या कामावर मालकी कोणाची राहते, एवढे कळते. आणि आजच्या विषयात तेच मुख्य आहे.

रामचंद्र नरहर चितळकर, म्हणजे सिनेसृष्टीतले सी. रामचंद्र, यांचा जन्म १९१८ साली आपल्या जिल्ह्यात, गोदाकाठच्या पुणतांब्यास झाला. पुणतांबे म्हटले की वारकऱ्याला चांगदेवांची समाधी आठवते आणि शेतकऱ्याला २०१७ सालचा संप. अण्णांची आठवण कितव्या क्रमांकावर येते, कोण जाणे!

पुण्यास गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धनांपाशी ते शिकले. बोलपटात नट व्हावयाचे होते. 'नागानंद'मध्ये भूमिका मिळालीही, पण चित्र चालले नाही. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये ते पेटीवादक म्हणून राहिले. म्हणजे दुसऱ्याच्या चालीला सूर धरणारा पगारी नोकर. तेथून पुढे १९४२चा 'सुखी जीवन', १९४७चा 'शहनाई', १९५१चा 'अलबेला', १९५३चा 'अनारकली'. 'सुखी जीवन' आणि 'अलबेला' हे दोन्ही भगवानदादांचे, आणि भगवानदादा गिरणी कामगाराचा मुलगा, हे आम्ही मुद्दाम सांगतो.

'अलबेला'च्या चालींनी लोकांचे पाय थिरकले, त्यामागे गोव्याचे वादक होते. चर्चच्या शाळांत स्वरलिपी शिकून ही मंडळी मुंबईस येत. संगीतकाराने पेटीवर चाल सांगावी. कोणत्या वाद्याने कोठे शिरावे, कोणी थांबावे, हे यांनी कागदावर उतरवावे. चिक चॉकलेट या नावाने गाजलेले ट्रंपेटवादक अँतोनियो झेवियर वाझ यांतलेच. त्यांचा ताफा 'अलबेला'त पडद्यावरही दिसतो. पण असे भाग्य एखाद्याचेच. श्रेयनामावलीत नाव संगीतकाराचे. जुन्या चित्रसंस्थांत वादकाला महिन्याचा पगार असे. युद्धानंतर त्या संस्था ढासळल्या आणि ध्वनिमुद्रणागणिक बिदागी सुरू झाली. बिदागी हातात पडली की हिशेब मिटला. पुढे गाणे वर्षानुवर्षे वाजो, वादकाला त्याचे काय? विडी कामगाराला हा व्यवहार समजावून सांगावा लागणार नाही.

बरे, संगीतकार तरी मालक होता काय? १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की, निर्मात्याने मोबदला देऊन चित्रपटासाठी करवून घेतलेल्या संगीताचा हक्क, वेगळा करार नसेल तर, निर्मात्याचा. म्हणजे ज्याच्या नावाने लोक गाणे ओळखतात तोही अखेर मजूरच! त्याच वर्षी अण्णांचे 'माझ्या जीवनाची सरगम' हे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. हा योगायोग आम्हांला मोठा बोलका वाटतो.

आता 'ऐ मेरे वतन के लोगो' पाहा. शब्द कवी प्रदीपांचे, चाल अण्णांची. २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीत पंडित नेहरूंसमोर लताबाईंनी ते गायिले. प्रदीपांनी आपले मानधन युद्धात कामी आलेल्या जवानांच्या विधवांसाठी देऊन टाकले होते. दान करणाऱ्याने केले. पण ते पोहोचते करावयास मुंबई उच्च न्यायालयाला २००५ साली ध्वनिमुद्रिका कंपनीस दहा लाख रुपये थकबाकी भरण्याचा हुकूम द्यावा लागला. बेचाळीस वर्षे! कारखान्यातल्या थकीत पगाराच्या दाव्यांनीही इतकी वर्षे घेतलेली आम्ही पाहिली नाहीत.

कॉपीराइटचा कायदा सुधारला तो २०१२ साली. चित्रपटगृहाबाहेर गाणे वापरले गेले तर गीतकार व संगीतकार यांना मानधनात समान वाटा मिळावा आणि तो हक्क कराराने काढून घेता येऊ नये, असे त्यात आले. चिक चॉकलेट १९६७ साली गेले. अण्णा ५ जानेवारी १९८२ रोजी, प्रदीप १९९८ साली, भगवानदादा २००२ साली.