टाकून दिलेल्या मोबाईलचा दुसरा संसार

फोन धडधाकट असावा, काच अभंग असावी, आणि तरीहि निर्मात्यानें सुधारणा देणें थांबविलें म्हणून तो कपाटांत पडावा, ही गोष्ट आतां घरोघरची झाली आहे. यंत्र मरत नाहीं. त्यास वाऱ्यावर सोडण्यांत येतें.

गूगलनें अँड्रॉइड प्रणालीची मूळ संहिता २००८ सालीं खुली केली. स्टीव्ह कोंडिक या अमेरिकन तंत्रज्ञानें २००९ पासून तींत फेरफार करून सायनोजेनमॉड ही प्रणाली सिद्ध केली व ती सर्वांस मोफत दिली. त्याच वर्षीं गूगलनें हरकत घेतली. कारण नकाशे, टपाल इत्यादि गूगलचीं अ‍ॅप्स खुलीं नव्हतीं. तीं वगळून काम चालू राहिलें. २०१३ सालीं या कामाभोंवतीं कंपनी उभी राहिली आणि डिसेंबर २०१६ मध्यें तिनें या प्रणालीच्या सेवा बंद केल्या. पण संहिता कोणाच्या तिजोरींत थोडीच होती! स्वयंसेवकांनीं त्याच महिन्यांत लिनिएजओएस या नांवानें ती पुढें चालविली.

मात्र हा उद्योग निर्धोक नव्हे. प्रथम बूटलोडरचें कुलूप उघडावें लागतें, आणि तें उघडतांना फोनांतील छायाचित्रें, निरोप, सारें बहुधा पुसलें जातें. कॅमेरा चालविणाऱ्या संहितेचे कांहीं भाग चिप बनविणाऱ्यांच्याच हातीं राहतात. त्यांतील दोष स्वयंसेवकांस सहसा काढतां येत नाहींत. कित्येक बँकांचीं अ‍ॅप्स अशा फोनावर चालण्याचें नाकारतात. म्हणून घरांतील एकुलत्या फोनावर, विशेषतः वडिलांच्या, प्रयोग करूं नये. कपाटांतला जुना काढावा, त्याचें नेमकें मॉडेल यादींत आहे कीं नाहीं तें पाहावें, आणि आंतील मजकूर अगोदर दुसरीकडे उतरवून घ्यावा.