घरच्या बागेंतील टोमॅटो : काय खुडावें, काय राखावें

टोमॅटोचें झाड दारीं लावण्याची हौस शहरांतील घराघरांत आढळते. रोप लावून पाणी घातलें कीं तें झपाट्यानें वाढतें. पण लौकरच त्याचें रान माजतें, खालचीं पानें करपतात, आणि मग घरांतील कोणीतरी कात्री घेऊन पुढें सरसावतो. विचाराची गरज असते ती नेमकी याच वेळीं. टोमॅटोच्या एका जातीला जी छाटणी उपकारक, तीच दुसरीला घातक ठरते.

पनवेल तालुक्यांतील गव्हाण गांवाचें उदाहरण घ्यावें. हा खाडीकांठचा टापू भातशेतीचा व मिठागरांचा. १९७० सालीं सिडको स्थापन झाली, नव्या मुंबईसाठीं या भागांतील जमिनी संपादन झाल्या, आणि गव्हाणच्या शेजारीं उलव्याच्या उंच इमारती उभ्या राहिल्या. जेथें परसूं होतें तेथें आतां पुष्कळांच्या वांट्याला गच्चीचा एखादा कोपरा व चार कुंड्या येतात. चार कुंड्यांच्या बागेंत एक झाड गेलें तर चौथा हिस्सा पीक बुडतें.

येथील हंगामहि आंखूड आहे. जून ते सप्टेंबर मुसळधार पाऊस, आणि थंडी सरतांच उकाडा. म्हणून रोपें सप्टेंबरांत तयार करून ऑक्टोबरांत लावावीं, म्हणजे फळें थंडींत धरतात. दिवसाचें उष्णमान ३५ अंशांवर गेलें आणि रात्रीहि उकडूं लागलें कीं फुलें गळतात. तेथें अधिक खत घालून उपयोग होत नाहीं. खाडीकांठची खारी माती कुंडींत घालूं नये. पनवेलच्या खार जमीन संशोधन केंद्रानें अशा मातींत तग धरणारे भाताचे वाण काढले आहेत. टोमॅटोला मात्र हा खारेपणा मानवत नाहीं. ज्या मातींत नुकतींच वांगीं, मिरची किंवा बटाटे झाले असतील ती मातीहि टाळावी, कारण या साऱ्यांचें कूळ एक आणि रोगहि बरेचसे सामाईक.

आतां छाटणीकडे वळूं. टोमॅटोच्या मुख्य जाती दोन. एक झुडपी : तिच्या शेंड्यालाच फुलांचा घोस येतो व वाढ आपोआप थांबते. दुसरी उंच वाढणारी : तिचा शेंडा थांबत नाहीं, तो वर चढत राहतो आणि बाजूला घोस येत जातात. झुडपी जातीच्या फांद्या छाटणें म्हणजे येणारें पीकच छाटणें होय. तिला हात लावूं नये. बियांच्या पाकिटावर जात लिहिलेली असते. ती लागवडीपूर्वींच वाचून ठेवावी.

उंच जातीला पान व खोड यांच्या बेचक्यांतून नवे कोंब फुटतात. शेतकरी त्यांना बगलफूट म्हणतात. ते दोन-तीन इंचांचे असतांनाच अंगठा व बोट यांनीं बाजूला वांकवून मोडावेत. कात्रीची गरज नाहीं. हें काम कोरड्या सकाळीं करावें, म्हणजे जखम दिवसभरांत वाळते. पहिल्या घोसाच्या लगेच खालचा कोंब तेवढा राखावा. दुसरें खोड म्हणून तो जोमानें वाढतो. दोन्ही खोडें बांबूला सुतळीनें सैल बांधावीं, आणि खोड व बांबू यांमध्यें सुतळीचा एक पीळ ठेवावा, म्हणजे साल कांचत नाहीं.

झाड गुडघ्याच्या वर गेल्यावर जमिनीपासून वीतभर उंचीपर्यंतचीं पानें क्रमाक्रमानें काढावीं. दमट हवेंत मातीचे शिंतोडे याच पानांवर उडतात व करपा तेथूनच वर चढतो. पाणीहि बुडाशींच आणि नेमानें द्यावें. कधीं कोरड तर कधीं चिखल झाला, तर चुना मुळांत असूनहि फळापर्यंत पोंचत नाहीं आणि फळाचें बूड काळें पडतें. वरचीं पानें मात्र राखावीं. फळाला अन्न पुरवतात तीं पानेंच, आणि उन्हानें फळ भाजूं नये म्हणून छत्र धरतात तींहि तींच.

एका गोष्टीकडे सहसा लक्ष जात नाहीं. तंबाखूवर पडणारा एक विषाणु टोमॅटोवरहि पडतो आणि तो हातानें पसरतो. तंबाखू मळलेला हात साबणानें धुतल्याशिवाय झाडाला लागूं नये. ज्या झाडाचीं कोंवळीं पानें आंखडून मुरडलीं असतील, त्याला बहुधा पांढऱ्या माशीनें रोग दिलेला असतो. तें छाटून सुधारत नाहीं. मुळासकट उपटावें, म्हणजे उरलेलीं तीन वांचतात.

मोडलेली निरोगी बगलफूट मात्र टाकूं नये. चांगली वीतभर असल्यास ती ओल्या मातींत खोंचून सावलींत ठेवावी. आठ-दहा दिवसांत तिला मुळें फुटतात. एका रोपापासून असें दुसरें रोप फुकट मिळतें, आणि चार कुंड्यांच्या बागेला पांचवी जोडतां येते.