कान्हेरीचा ताम्रपट आणि रोमची अखेर



रोमचे साम्राज्य इ. स. ४७६ मध्ये बुडाले, हे आपण सारेच शाळेत पाठ करतो. त्याला जोडूनच, रोमचे सोने आटले आणि आमची पश्चिम किनाऱ्यावरची बंदरे ओस पडली, असेही सांगण्यात येते. हे कितपत खरे, याचा पडताळा पाहण्यास आपल्याला बोरिवलीबाहेर जाण्याचे कारण नाही.

१८३९ साली डॉ. बर्ड यांना कान्हेरीच्या चैत्यासमोर एक ताम्रपट सापडला. सिंधुदेशातून आलेल्या बुद्धरुचीने कृष्णगिरीच्या, म्हणजे कान्हेरीच्याच, महाविहारात चैत्य उभारल्याचे त्यात नमूद आहे. राजाचे नाव मात्र नाही. त्रैकूटकांच्या राज्यातील वर्ष २४५, एवढेच. आता हे २४५ कोणत्या संवताचे? शक म्हणावे तर इ. स. ३२३ येते, म्हणजे कॉन्स्टंटाईनचा काळ. गुप्तसंवत् म्हणावे तर ५६४, जस्टिनियनचे अखेरचे दिवस. एका पत्र्याला जवळजवळ अडीचशे वर्षांचे हेलकावे!

गुंता सुटला तो पंचांगाने. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पूर्वी संस्कृत शिकविणाऱ्या कीलहॉर्न यांनी चेदी राजांच्या लेखांतील तिथिवार गणिताने ताडून पाहिले, तेव्हा या संवताचा आरंभ इ. स. २४८-४९ च्या सुमारास येतो असे ठरले. पुढे महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी या संवताचे लेख एकत्र करून १९५५ मध्ये प्रसिद्ध केले, आणि त्याचा प्रवर्तक आभीर राजा ईश्वरसेन असावा असे प्रतिपादिले. काम रुक्ष खरे. पण साम्राज्यांच्या ऱ्हासावरील पानेच्या पाने अलंकारिक गद्य एका पारड्यात घातले, तरी आम्ही दुसऱ्या पारड्यातले हे गणितच उचलू.

या हिशेबाने ताम्रपट इ. स. ४९४-९५ चा ठरतो. त्या वर्षी रोमच्या गादीवर सम्राट नव्हता. इटलीत गॉथांचा थिओडोरिक राज्य करीत होता. आणि इकडे कान्हेरीत सिंधकडचा यात्रेकरू नवे बांधकाम करीत होता!

पन्नासेक वर्षांनी अलेक्झांड्रियाचा कॉस्मस लिहितो. पृथ्वी पेटीसारखी चौकोनी आहे, असे सिद्ध करण्याचा या गृहस्थाचा आटापिटा. तो सोडून द्या. बाजारहाटाच्या गोष्टींत मात्र तो व्यापारी आहे. 'कल्लियाना', म्हणजे आपले कल्याण, मोठे बंदर असून तेथून तांबे, शिसवी लाकूड आणि कापड जाते, असे तो सांगतो. तेथे ख्रिस्ती बिशप आहे. तो नेमला जातो इराणातून. म्हणजे बंदर चालू होते, पण त्याचे तोंड आता इराणच्या आखाताकडे वळले होते.