शेवटच्या शब्दावर घसरणारा फौजदार

फ्रँक ड्रेबिन हा ‘द नेकेड गन’ या अमेरिकी विनोदी चित्रपटमालेतला पोलीस अधिकारी. केस पांढरे, सूट नीटनेटका, आवाज खर्जातला आणि डोक्यात उजेड बेताचाच. तो भलत्या माणसाकडे जातो, भलता प्रश्न विचारतो आणि बहुतेक वेळा योगायोगानेच गुन्हेगारापर्यंत पोचतो. पण त्याचे नाव झाले ते तपासामुळे नव्हे, वाक्यांमुळे. ही वाक्ये कसलेल्या फौजदाराच्या थाटात सुरू होतात आणि शेवटच्या चार शब्दांत त्यांचा पाय घसरतो.

या वाक्यांचे मूळ एका गंभीर चित्रपटात आहे. 1957 सालच्या ‘झीरो अवर!’मध्ये विमानातले जेवण बाधून वैमानिक आजारी पडतात आणि एका प्रवाशाला विमान खाली उतरवावे लागते. डेव्हिड झकर, जेरी झकर आणि जिम अब्राहम्स हे तिघे आपल्या रंगमंचीय कार्यक्रमांसाठी रात्री उशिराचे टीव्ही कार्यक्रम ध्वनिचित्रमुद्रित करून ठेवत. विडंबनासाठी त्यांना जाहिराती हव्या होत्या. त्यांच्याबरोबर हा चित्रपटही हाती लागला. त्यांनी त्याचे हक्क विकत घेतले, कथा आणि कितीतरी संवाद जवळपास तसेच ठेवले आणि 1980 मध्ये ‘एअरप्लेन!’ काढला. मूळ संवादातच हसू दडलेले आहे, त्याला फक्त शेजारी एखादे विसंगत वाक्य हवे, हे त्यांना उमगले होते. म्हणून त्यांनी विनोदी नट टाळले आणि रॉबर्ट स्टॅक, लॉइड ब्रिजेस, पीटर ग्रेव्ह्ज असे भारदस्त चेहरे निवडले. त्यांतलाच एक लेस्ली नीलसन.

नीलसनचा जन्म 1926चा, कॅनडातल्या रेजायना शहरातला. वडील कॅनडाच्या घोडेस्वार पोलीस दलात, तर भाऊ एरिक 1980च्या दशकात देशाचा उपपंतप्रधान. म्हणजे गांभीर्याला घरात तोटा नव्हता. ‘फॉरबिडन प्लॅनेट’मध्ये (1956) तो अंतराळयानाचा कप्तान होता, ‘द पोसायडन अॅडव्हेंचर’मध्ये (1972) बुडणाऱ्या जहाजाचा. ‘एअरप्लेन!’मधला त्याचा डॉक्टर त्याच कप्तानांच्या आवाजात बोलतो. विनोद चालू आहे याचा पत्ता त्याच्या चेहऱ्याला लागू दिला जात नाही. पडद्यामागे मात्र हाच गृहस्थ अपानवायूचा आवाज काढणारे छोटे यंत्र जवळ बाळगून भल्याभल्यांची फजिती करीत असे.

ड्रेबिन जन्मला तो टीव्हीवर. 1982 मध्ये एबीसी वाहिनीवर याच तिघांची ‘पोलीस स्क्वॉड!’ ही मालिका आली आणि तिच्यात नीलसन ड्रेबिन झाला. ली मार्विनच्या ‘एम स्क्वॉड’ या 1950च्या दशकातल्या पोलीस मालिकेचे ते विडंबन. स्वतःची ओळख करून देताना ड्रेबिन एकाच दमात सार्जंटही असतो आणि लेफ्टनंटही. हसण्याचा ध्वनिमुद्रित गलका मालिकेला जोडलेला नव्हता. कुठे हसायचे ते प्रेक्षकाने स्वतः शोधायचे. सहा भागांनंतर मालिका गुंडाळण्यात आली. ती समजायला लक्ष देऊन पाहावी लागते, असे कारण वाहिनीच्या प्रमुखाने दिले. हे वाक्य ड्रेबिनच्या तोंडीही शोभले असते. नीलसनला मात्र या भूमिकेसाठी एमी पुरस्काराचे नामांकन मिळाले.

मालिकेतल्या वाक्यांची पहिली तऱ्हा शब्दशः उत्तराची. समोरच्याने सिगारेट पुढे करून ‘सिगारेट?’ असे विचारले, की उत्तर येते, होय, सिगारेटच आहे. आग्रह हा प्रश्न समजला जातो आणि प्रश्नाला चोख उत्तर दिले जाते. दुसऱ्या एका प्रसंगी ड्रेबिनलाच विचारले जाते की, तू कोण आणि आत कसा आलास? तो सांगतो की आपण कुलपे दुरुस्त करणारे आहोत. आणि लगेच पुन्हा, तितक्याच शांतपणे, तेच सांगतो. प्रश्न दोन, उत्तरेही दोन, दोन्ही बिनचूक.

1988 मध्ये ड्रेबिन मोठ्या पडद्यावर आला. पहिल्या ‘नेकेड गन’ने अमेरिकेत पावणेआठ कोटी डॉलरहून अधिक धंदा केला, ज्या विनोदाला टीव्हीवर लक्ष द्यावे लागत होते त्याला काळोख्या चित्रपटगृहात लक्ष आपोआप मिळाले. येथे वाक्ये लांबली. जखमी सहकाऱ्याच्या पत्नीला ड्रेबिन वचन देतो, की हे कृत्य करणारा गजाआड जाईपर्यंत खात्यातला एकही माणूस क्षणभर विसावणार नाही. आणि त्याच श्वासात, चला, काहीतरी खाऊन घेऊ. जोखमीविषयी बोलताना तो म्हणतो, की माणूस सकाळी उठतो तेव्हा धोका पत्करतो, रस्ता ओलांडतो तेव्हा पत्करतो, चालू पंख्यात तोंड घालतो तेव्हाही पत्करतो. यादीतल्या पहिल्या दोन गोष्टी कान तयार करतात. तिसरी त्याच चालीत, त्याच आवाजात येते, त्यामुळे ती मूर्खपणाची आहे हे कळायला अर्धा क्षण जातो. सगळे हसू त्या अर्ध्या क्षणात असते.

सर्वांत पक्के वाक्य महापौरबाईंसमोरचे आहे. झगे घातलेले पाच विक्षिप्त लोक भर बागेत, शंभर माणसांदेखत एकाला भोसकताना दिसले, तर आपण त्यांना गोळ्या घालतो, हे आपले धोरण आहे, असे ड्रेबिन ठणकावून सांगतो. महापौरबाई त्याला समजावतात, की तो बागेत चाललेला शेक्सपिअरच्या ‘ज्युलियस सीझर’चा प्रयोग होता आणि त्याने पाच नट मारले, शिवाय चांगले नट. ‘धोरण’ हा शब्द इथे नेमका बसला आहे. एकदाच हातून घडलेल्या गाढवपणाला तो सरकारी नियमाचा पोशाख चढवतो. पण बाईंच्या शेवटच्या शेऱ्याला दाद द्यावी लागते. नट सुमार असते तर गुन्हा हलका ठरला असता, असा त्याचा अर्थ निघतो आणि क्षणभर शहाणा माणूसही ड्रेबिनच्या तर्काने बोलू लागतो.

1991च्या दुसऱ्या भागात, हजार अमली पदार्थ विक्रेते टिपल्याबद्दल ड्रेबिनचा व्हाइट हाउसमध्ये सत्कार होतो. शेवटचे काही जण मोटार मागे घेताना तिच्याखाली सापडले आणि सुदैवाने ते विक्रेतेच निघाले, असे तो प्रांजळपणे सांगून टाकतो. सत्य बोचते, पण सीट नसलेल्या सायकलवर उडी मारण्याइतके नाही, हेही त्याच भागातले.

ही वाक्ये मराठीत बहुतेक न सांडता येतात, कारण त्यांचा आधार शब्दांवर नसून क्रमावर आहे. श्लेषाची वाक्ये मात्र वेशीवरच अडतात. एका प्रेयसीचा मृत्यू ड्रेबिन सांगतो: नववर्षदिनी, स्टेडियमवर, हवाई जहाजाच्या अपघातात. नायिका ‘गुडइयर?’ असे विचारते. तो टायर कंपनीचे हवाई जहाज न समजता ‘चांगले वर्ष’ समजतो आणि म्हणतो, नाही, सर्वांत वाईट. ‘एअरप्लेन!’मधला डॉक्टर ‘शुअरली’ या शब्दाला ‘शर्ली’ हे नाव समजून त्या नावाने हाक मारू नका म्हणतो. अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटच्या शंभर संस्मरणीय संवादांच्या यादीत तो संवाद 79वा आहे. मराठीत त्याला तळटीप लागते, आणि तळटीपेला कोणी हसत नाही.

ड्रेबिन आवडतो तो त्याच्या निष्कपटपणामुळे. तो कुणाला टोमणा मारत नाही, चलाखी दाखवत नाही. जे बोलतो ते मनापासून. मराठी वाचकाला येथे चिं. वि. जोशींचा चिमणराव आठवेल. ‘लग्न पहावे करून’मध्ये (1940) तो दामुअण्णा मालवणकरांच्या रूपाने पडद्यावरही आला होता. दोघेही आपली गोष्ट स्वतःच सांगतात, पण आपली फजिती झाली हे चिमणरावाला कळलेले असते. ड्रेबिनला ते कधीच कळत नाही. फटाक्यांचा कारखाना पाठीमागे धडाधड उडत असताना तो जमावाला सांगतो, की येथे पाहण्यासारखे काही नाही, घरी जा.

तिसरा भाग 1994 मध्ये आला. त्यात करामती वाढल्या आणि वाक्ये उतरली. नीलसन 2010 मध्ये वारला. 2025 मध्ये अकिवा शेफरने नवा ‘नेकेड गन’ दिग्दर्शित केला. त्यात ड्रेबिनच्या मुलाच्या भूमिकेसाठी लियम नीसनला घेतले. ‘शिंडलर्स लिस्ट’ आणि ‘टेकन’ करून आलेल्या या नटाचाही चेहरा सहसा हसत नाही.