कात्री कोणाच्या हाती?



चित्रपटांवर नियंत्रण ठेवणारा कायदा आपल्या देशात प्रथम १९१८ साली झाला. परक्या सरकारला भय होते ते प्रजेच्या जागृतीचे. १९२१ सालच्या ‘भक्त विदुर’ या मूकपटातील विदुर गांधीजींसारखा दिसतो, म्हणून मद्रासेत त्यावर बंदी आली. स्वतंत्र भारताने १९५२ साली नवा कायदा केला. १९७० साली ख्वाजा अहमद अब्बास यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पूर्वपरीक्षण वैध ठरविले. मात्र समाजातील बऱ्यासोबत वाईटही दाखविण्याची मोकळीक कलेला हवी, असेही बजावले.

आता ज्या खटल्यासाठी मी उभा आहे, तो ऐका. ‘ओरे ओरु ग्रामत्तिले’ हा तामिळ चित्रपट. राखीव जागा जातीवर नव्हे, आर्थिक स्थितीवर असाव्यात, असे त्याचे प्रतिपादन. मद्रास उच्च न्यायालयाने त्याचे प्रमाणपत्र रद्द केले. १९८९ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला. निदर्शनांच्या वा हिंसेच्या धमकीस भिऊन विचार दडपता येत नाही, असे न्यायालय म्हणाले.

हे तुम्हांस बोचेल. मलाही बोचले. परंतु विचार करा. उद्या आपल्यावरील अत्याचार कोणी पडद्यावर मांडला, तर गावचे बलवान लोक दंग्याचीच धमकी देतील. त्या दिवशी हाच निर्णय आपली ढाल होईल. म्हणून न पटणाऱ्या चित्रपटास लेखणीने, सभेने, स्वतःच्या चित्रपटाने उत्तर द्या. कात्री मागू नका. ती बहुधा बलवंताच्याच हाती जाते.