शेळी बाईची, नोंद कुणाची?

(बिबवेवाडी येथे बचत गटांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



बायकांच्या मेळाव्यात शेळीच्या रोगावर काय बोलायचं, असं काहीजणींना वाटेल. पण इथल्या वस्त्यांत राहणाऱ्या आपल्यापैकी कितीतरी जणींचं माहेर सोलापूर, बीड, धाराशिवकडचं. तिथं आईच्या नावावर जमीन नसते, दारात शेळी असते. दवाखान्याला, शाळेच्या फीला तीच विकली जाते. शेळी मेली की बाईची शिल्लकच बुडते.

चार वर्षांपूर्वी एका मैत्रिणीनं गटाचं कर्ज काढून गावी आईला दोन शेळ्या घेऊन दिल्या. बाजारातून आणून त्या थेट घरच्या पाच शेळ्यांत बांधल्या. आठवड्याभरात ताप, नाका-डोळ्यांतून पाणी, मग हगवण. तिनं मला विचारलं. मी म्हटलं, ‘कोवळा पाला खाल्ला असेल.’ एम.एस.डब्ल्यू. झालेली मी, माझ्या शब्दावर ती चार दिवस थांबली. सातांपैकी पाच शेळ्या गेल्या. कर्ज तेवढं राहिलं. डॉक्टर आले तेव्हा कळलं, तो पीपीआर होता.

हा विषाणूचा रोग, बुळकांडीच्या जातकुळीतला. भारतात तो प्रथम १९८७ साली तमिळनाडूत आढळला. शेळ्या-मेंढ्यांना होतो, माणसांना होत नाही. अचानक मोठा ताप येतो. नाकातला पातळ स्राव घट्ट होतो, डोळे चिकटतात. हिरड्यांवर, जिभेवर फोड येतात, तोंडाला घाण वास येतो. मग हगवण आणि खोकला. लाळ्या-खुरकुतात खुरांतही जखमा होऊन शेळी लंगडते. माव्यात ओठांवर खपल्या धरतात. हा फरक ध्यानात ठेवा.

विषाणू मारणारं औषध नाही. आजारी शेळी लगेच वेगळी बांधा, तिचं पाणी-भांडं वेगळं ठेवा. मीठ-साखरेचं पाणी आणि मऊ चारा द्या. डॉक्टर प्रतिजैविक देतात ते पाठोपाठ येणाऱ्या न्यूमोनियासाठी. मेलेली शेळी उघड्यावर टाकू नका, खोल पुरा. आजारी शेळी बाजारात विकू नका. तिथं दुसऱ्या बाईचं घर बुडतं. नवी शेळी तीन आठवडे वेगळीच ठेवा.

खरा उपाय लस. करडू तीन-चार महिन्यांचं झालं की एकदा टोचली तर संरक्षण निदान तीन वर्षं टिकतं. ही लस आपल्या पुण्यात, औंधच्या सरकारी संस्थेत तयार होते. लशीच्याच बळावर बुळकांडी २०११ साली जगातून गेली. पीपीआर २०३० पर्यंत घालवायचं उद्दिष्ट आहे.

मग लस त्या आईपर्यंत का पोचली नाही? गावात शिबिर झालं होतं. पण दुपारी, ती खुरपायला गेली असताना. निरोप मिळाला पुरुषांना, पारावर. शेळ्यांना चारा घालणारी, त्यांची हगवण काढणारी बाई; नोंद मात्र नवऱ्याच्या नावे.

म्हणून गावी गेलात की ग्रामसभेत तीन गोष्टी मागा: शिबिर सकाळी लवकर, निरोप बचत गटाला, नोंद शेळी पाळणारीच्या नावे. आणि शेळी आजारी पडली तर माझ्यासारखीला विचारत बसू नका. १९६२ या मोफत क्रमांकावर त्याच दिवशी फोन करा.